चार बोटांची जागा

"अडली!" आमचे हे पडवीतनं ओरडले.

"काय अडली?" मी स्वयंपाकघरातनं विचारलं.

"खुर्ची अडली. दुसरं काय अडणार?"

हातातलं उलथनं तसंच घेऊन मी मागं धावले. आत्या चाकाच्या खुर्चीत ताठ बसल्या होत्या. दोन्ही हात चाकांवर, नजर समोर संडासाच्या उघड्या दारावर. आणि मधे आमचा ड्रायर. खुर्चीचं एक चाक भिंतीला घासत होतं, दुसरं ड्रायरच्या पत्र्याला टेकलं होतं. फार नाही, चार बोटं जागा कमी पडत होती. पण माणूस अंग चोरून निघतं, लोखंडी खुर्ची कशी निघेल?

"दार मोठं करून घेतलं, कमोड बसवला, भिंतीला दांडा लावला," मी म्हटलं, "आणि वाट कुणी मोजली नाही?"

"तू तरी कुठं मोजलीस?"

"मला सांगितलं होतं का मोजायला?"

"भांडा," आत्या म्हणाल्या, "निवांत भांडून घ्या. मी बसलेय हितं. मला काय घाई न्हाई."

घाई होती. किती होती ते आम्हा तिघांनाही माहीत होतं. शेवटी ह्यांनी खुर्ची मागं ओढली, आत्यांना उचलून पलंगावर आणलं आणि मी भांडं दिलं. आत्यांनी तोंड भिंतीकडं केलं. रोज करायच्या तसंच.

ह्या गोष्टीला आता पुष्कळ वर्षं झाली. पण मला विचाराल तर माझ्या हातनं सांगण्यासारखं जे काही झालं, ते त्या चार बोटांचं. बढाई वाटली तर वाटू दे.

आत्या म्हणजे माझ्या सासूबाई. आमच्याकडं सासूला आत्याच म्हणतात. सरूबाई कासार. गगनबावड्याच्या बाजारात उभा जन्म बांगड्या भरल्या त्यांनी. तालुक्यातली एक नवरी अशी नसेल, जिचा हात आत्यांच्या हातात आला नाही. पाटलीणबाई असो नाहीतर वाडीवरची पोर, आत्यांनी "हात सोड" म्हटलं की समोरची हात ढिला सोडायची. असा दरारा. लग्नानंतर पहिलं वर्षभर मला त्यांची इतकी धास्ती की पाणीसुद्धा विचारून प्यायची. अशी बाई दुकानाच्या पायरीवरनं घसरली, खुब्याचं हाड मोडलं आणि पलंगाला खिळली.

आमचं गाव घाटमाथ्यावरचं. पावसाळ्यात ऊन कसलं घेऊन बसलाय, नुसता उजेड दिसला तरी आम्ही खूश. आत्यांच्या चादरी, लुगडी, दुपटी यांचा दिवसाला ढीग पडायचा आणि वाळायचं नाव नाही. घरभर दोऱ्या, घरभर कुबट वास. तेव्हा ह्यांनी कोल्हापुरातनं ड्रायर आणला. कपडे आत टाकले की गरम वाऱ्यात गरगर फिरवून कोरडे करून देणारं यंत्र. माझ्या लेखी तर देवच आला घरात. त्याच्या पाठीला एक जाड, घड्याघड्यांची नळी असते. आतला ओला गरम वारा त्या नळीतनं भिंतीच्या भोकात जातो आणि भोकातनं बाहेर. यंत्राचं तोंड खाली, भिंतीचं भोक वर, त्यामुळं नळीला वळायला जागा लागते. म्हणून यंत्र भिंतीपासनं वीतभर पुढं उभं होतं. ती वीत इतके दिवस कुणाच्या डोळ्यावर आली नव्हती. आता आत्यांसाठी आणलेलं यंत्र आत्यांच्याच आडवं आलं.

आणि रविवारी मोठे दीर येणार होते.

अनंतभाऊजी पुण्याला असतात. माणूस वाईट नाही, हे आधीच सांगते. आईवर जीव आहे त्यांचा. पण त्यांचं पालुपद एकच, "विशू, तुम्ही दोघं दुकान बघणार की आईला उचलणार? पुण्यात चांगली जागा आहे. दिवसरात्र बाया असतात, नर्स असते. मी रोज जाऊन भेटेन." आत्या नको नको म्हणत होत्या. शेवटी एकदा फोनवर भाऊजी वैतागून म्हणाले, "आई, तू आपली आपण संडासला जाऊन आलीस ना, तर मी पुन्हा पुण्याचं नाव काढणार नाही. नाहीतर गाडी घेऊन येतो, निमूट बसायचं." आत्या म्हणाल्या, "बरं." आणि आत्यांचं "बरं" म्हणजे काळ्या दगडावरची रेघ. त्या रविवारी जर त्या पलंगावरच असल्या, तर गाडीत बसणार, आणि तोंडातनं एक शब्द काढणार नाहीत, हे मला पक्कं माहीत होतं.

त्या "बरं"पायी बाई किती खपली म्हणून सांगू! व्यायाम शिकवायला एक बाई यायच्या. त्या गेल्या तरी आत्यांचं चालूच. खिडकीचे गज धरायचे, उठायचं, वळायचं, बसायचं. घामानं चोळी भिजायची. हातात ताकद होतीच, फक्त पायांवर भरवसा नव्हता. व्यायामाच्या बाईंनी एकदा सुचवलं, "आजी, भोकाची खुर्ची मिळते. पलंगाशेजारीच ठेवली तर?"

आत्यांनी त्यांच्याकडं असं बघितलं की बाई दोन पावलं मागं सरकल्या. "जितं मी जेवते तितंच बसू व्हय? मला दार पायजे. दाराला कडी पायजे."

तर असं सगळं होतं, आणि गुरुवारी खुर्ची अडली.

"ड्रायरच काढून टाकू," त्या संध्याकाळी हे म्हणाले.

"आणि चादरी? तुमच्या दुकानात वाळत घालू, गिऱ्हाइकांच्या डोक्यावर?"

"मग हलवू दुसरीकडं."

"कुठं? पुढच्या सोप्याची भिंत शेजाऱ्याची. मधल्या खोलीत आत्यांचा पलंग. स्वयंपाकघरात ठेवायचं तर गॅस शेजारी. सांगा कुठं ते, मी आत्ता हलवते."

हे गप्प झाले. आमचे हे स्वभावानं गरीब, पण गप्प झाले की समजायचं, काहीतरी डोक्यात शिजतंय. शुक्रवारी दुपारी मी बाजारातनं आले तर पडवीत धडपड ऐकू आली. जाऊन बघते तर हे जमिनीवर बसलेले, पाठ समोरच्या भिंतीला आणि दोन्ही पाय ड्रायरला. चेहरा लालबुंद.

"काय चाललंय?"

"रेटतोय," दात आवळून म्हणाले.

आणि खरंच, ड्रायर करकरत मागं गेला. भिंतीला पार चिकटला. हे उठले, हात झटकले, रिकामी खुर्ची आणली आणि पडवीतनं तीनदा इकडून तिकडं फिरवली. कुठं घासली नाही की अडली नाही.

"बघ," म्हणाले, "इतकं सोपं होतं. उगाच डोकं फोडत बसलो."

मीही खुळी, खूश झाले. आत्यांना ओरडून सांगितलं, "आत्या, वाट झाली!" आतनं त्या म्हणाल्या, "फणी आण गं पमे." संडासला जायला फणी कशाला, पण आणली. त्यांनी केस विंचरले, अंबाडा घातला, पदर नीट केला. सणाला निघाल्यासारखा चेहरा झाला होता. तोवर ओल्या चादरी पडल्या होत्या म्हणून मी ड्रायर लावून दिला.

आत्यांना खुर्चीत बसवायच्या बेतात होतो आम्ही, तेवढ्यात मला वास आला. इस्त्री कापडावर विसरली की येतो तसा. पडवीत गेले, ड्रायरवर हात ठेवला आणि झटकन काढला. पत्रा तापून लाल व्हायचा बाकी. मी बटण बंद केलं, पिन उपटली आणि ह्यांना हाक मारली. चादरी बाहेर काढल्या तर गरम वाफ आणि तरीही ओल्याच. दोघांनी मिळून यंत्र पुढं ओढलं. मागं ती नळी पाय पडलेल्या कागदी पुडीसारखी चेंगरून बसली होती. वारा जायला वाटच नव्हती. आणि तिच्या घड्यांत करड्या रंगाचा तूस, मूठ मूठ भरलेला.

हा तूस आमच्या घरात ओळखीचा. ड्रायरच्या जाळीवर रोज कपड्यांचा तूस साठतो, अगदी पिंजलेल्या कापसासारखा. मी तो टाकून देत होते. आत्यांनी एकदा बघितला आणि कडाडल्या, "लक्ष्मी टाकतीस? कापूस हाय हा!" पलंगावर बसून बोटांना चाळा नाही, म्हणून त्यांनी त्याच्या वाती वळायला घेतल्या. श्रावणात त्यातली एक निरांजनात लावली. वात कसली! भप्पकन पेटली ती डोळ्याचं पातं लवतंय तोवर संपली, आणि देवाच्या तसबिरीची चौकट काळी करून गेली. त्या दिवसापासनं आत्यांनी त्या वाती बंद केल्या.

"काय जळतंय?" आत्यांनी आतनं विचारलं.

"काही नाही आई," हे म्हणाले. "नळी जरा दबली. थोडं पुढं घेतो, पुरेल. दोन बोटं इकडं तिकडं केली की झालं."

"तो तूस आण हिकडं."

"आई, तू कशाला..."

"विशू, आण म्हटलं न्हवं मी!"

मी मूठभर तूस नेला. आत्यांनी चिमटीत धरून बघितला. "ताटलीत ठेव. काडी लाव."

मी लावली. भप्पकन ज्वाळा उठली, माझ्या भुवयांपर्यंत आली आणि गेली. ताटलीत राख म्हणायलाही काही उरलं नाही. हे दारात उभे होते, त्यांचा चेहरा उतरला.

"असं पोतंभर त्या नळीत," आत्या म्हणाल्या, "आणि वर यंत्राची धग. माझ्या मुतण्यापायी घर पेटवतोस व्हय रं?"

आत्यांनी मग डोक्याला हात लावला, मघाशी घातलेला अंबाडा सोडला आणि केस मोकळे केले. आवाज एकदम लहान झाला. "अंत्याला फोन लाव. म्हणावं, आई येते. माझ्या पिशवीत दोन लुगडी जास्तीची घाल."

वीस वर्षं मी त्या बाईच्या घरात होते. त्यांना रडताना बघितलं होतं, रागावताना तर रोजच. पण हार मानताना कधी नाही. मला असा संताप आला की काय सांगू! राग कुणावर तेही कळेना. यंत्रावर, भिंतीवर, गवंड्यावर, भाऊजींवर, सगळ्यांवरच.

"कुठं निघालात?" मी म्हटलं. सासूपुढं इतका आवाज मी तोवर चढवला नव्हता. "गप बसा! अजून रविवार उजाडायचाय."

आत्या माझ्याकडं बघतच राहिल्या. ह्यांनी तर खोकायचं सोंग केलं आणि बाहेर गेले.

शनिवार आमच्या दुकानाचा गर्दीचा दिवस. सकाळी एक पोरगी आली, पुढच्या आठवड्यात लग्न, हिरवा चुडा भरायचा. हात गुटगुटीत, आणि तिला हवी होती बारीक मापाची बांगडी, बोटांच्या सांध्यापाशी अडायला लागली. पोरगी दातओठ खाऊन जोर लावायला लागली, तिची आई म्हणते, "दाब गं, दाब!"

"दाबायचं नाही," मी म्हटलं, "हात फुटेल नाहीतर बांगडी. अंगठा आत घे. हात सोड. असा चपटा कर. चपटा." हे सगळं मी आत्यांचंच बोलत होते, त्यांच्याच हेलात. पोरीनं हात सोडला, मी तळहाताची घडी करून चपटा केला, आणि बांगडी सर्रकन मनगटावर. तोच हात, हाडं तेवढीच, मांस तेवढंच. काही कमी झालं नाही. फक्त गोलाचा पसरट झाला.

आणि मी तिचा हात धरून तशीच उभी राहिले.

"वहिनी, दुसरी भरताय ना?" तिची आई म्हणाली.

"अहो!" मी ह्यांना हाक मारली. "जरा हिचा चुडा पुरा करा. मी आले."

"अगं, पण मी बायकांना कसं..."

"कासाराच्या पोटचे ना तुम्ही? भरा!"

दस्तगीरभाईंचं पत्र्याचं दुकान स्टँडजवळ. ट्रंका, नरसाळी, पन्हाळ्या, पिठाचे डबे, सगळं करतात. कामाला वाघ, पण स्वतःच्या मताचा इतका अभिमान की गिऱ्हाइकानं काही सांगितलेलं खपत नाही. मी धापा टाकत गेले आणि म्हटलं, "भाई, मला एक पेटी पाहिजे. उभी. रुंद भरपूर, पण जाडीला एवढीच." मी बोटं दाखवली. "खाली पुढच्या अंगाला एक गोल तोंड, वर मागच्या अंगाला एक गोल तोंड. खालून वारा शिरला पाहिजे आणि वरनं निघाला पाहिजे."

"वाऱ्याला नळी करत्यात, पेटी न्हाई," भाई म्हणाले. मान वर करायलाही तयार नाहीत. "चांगली गोल नळी देतो वळवून."

"गोलच तर नकोय. गोल तेवढीच जागा खाते."

"मग चपट्यात वारा कोंडंल."

"का कोंडेल? जाडी कमी केली तेवढी रुंदी वाढवा की. आतली जागा तेवढीच राहिली. हात चपटा केला म्हणून हात बारीक होतो का?"

भाईंनी आता मान वर केली. पेन्सिल कानावरनं काढली, पत्र्यावर दोन रेघा मारल्या, पुसल्या, पुन्हा मारल्या. "कुणी सांगितलं तुमाला हे?"

"मीच सांगतेय."

"हं," म्हणाले. भाईंचं "हं" मिळणं म्हणजे काय हे बावड्यात विचारा कुणालाही.

मी तिथनंच ड्रायर दुरुस्त करणाऱ्या कोल्हापूरच्या मेकॅनिकला फोन लावला. सगळं सांगितलं. तो म्हणाला, "चालेल वहिनी. पण पत्राच पाहिजे, प्लॅस्टिक नको. आत गुळगुळीत. जोडाला अॅल्युमिनियमची चिकटपट्टी, आतून स्क्रू मारू नका, तूस अडकतो. आणि पाठीशी थोडी फट राहू दे."

"भाई, आत एकसुद्धा स्क्रू नको," मी फोन ठेवून म्हटलं. "आणि वर एक झाकण करा, उघडझाप होणारं. तूस काढायला हात गेला पाहिजे माझा."

"आता छत आणि झुंबर पण सांगा," भाई कुरकुरले, पण कात्री चालायला लागली होती. मी तिथंच फळकुटावर बसून राहिले. कडा दुमडून, ठोकून, अशी नितळ पेटी केली त्या माणसानं की आतनं हात फिरवला तर कुठं बोट अडेना. झाकण तर मागितल्यापेक्षा सुरेख. पेटी डोक्यावर घेऊन मी भर बाजारातनं घरी आले. लोक बघत होते, बघू देत म्हटलं.

दुपारी दुकान लवकर बंद करून हेही आले. आल्या आल्या म्हणाले, "चुडा भरला. एकपण फुटली नाही." त्यांचा चेहरा बघण्यासारखा होता, पण मला तेव्हा हसायला सवड नव्हती. पिन काढलेली आहे ना, ते आधी बघितलं. यंत्र आणखी पुढं ओढलं, जुनी नळी फेकली. भिंतीतलं भोक खरवडून साफ केलं. त्यातनंही तूस निघाला, वर कुंभारीण माशीचं मातीचं एक घर. मग पेटी भिंतीला लावली, वरचं तोंड भोकात, खालचं तोंड यंत्राच्या तोंडात. जोडांवर पट्टी. ड्रायरच्या पिनेचं सॉकेट मागच्या भिंतीवर होतं, त्याच्यामुळंही यंत्र पुढं राहिलं असतं, म्हणून ह्यांनी वायरमनला बोलावून ते बाजूच्या भिंतीवर घेतलं. मग दोघांनी हळूहळू, चहाचा कप सरकवावा तसा, ड्रायर मागं सरकवला. भिंतीला टेकवला नाही. मेकॅनिकनं सांगितलेली फट ठेवली.

"आता?" हे म्हणाले.

"आता लावा."

ओल्या चादरींनी पोट भरून ड्रायर लावला. मी छत्री घेऊन परसात गेले आणि भोकासमोर हात धरला. काय वारा! जुन्या नळीतनं आजारी माणसाच्या फुंकरीसारखा यायचा, हा असा आला की माझा पदर उडाला. पावसात उभी राहून मी एकटीच हसत होते. शेजारची म्हणाली, "काय झालं गं?" मी म्हटलं, "वारा आला!" तिला काही कळलं नाही. आत येऊन पत्र्यावर हात ठेवला, कोमट. यंत्र थांबेपर्यंत मी स्टूल टाकून राखणीला बसले. वास नाही, धग नाही. चादरी काढल्या तर कडकडीत, आणि नेहमीपेक्षा लवकर.

मग खुर्ची. रिकामी फिरवली. दोन्ही बाजूंनी बोटं जातील एवढी जागा उरली.

मी आत्यांच्या पलंगाशी गेले. पिशवी भरून उशाशी ठेवलेली होती. "चला," मी म्हटलं.

आत्यांनी माझ्याकडं बघितलं, पडवीकडं बघितलं. "पेटणार न्हाई?"

"नाही. बसून राखलंय मी."

"खात्री?"

"माझ्या हातची आहे."

त्यांनी हात पलंगाच्या कडेवर टेकले. मला वाटलं, आता उठतील. पण म्हणाल्या, "आज नगं. उद्या. अंत्या बघू दे."

"आत्या, एकदा करून तर बघा! उद्या काही अडलं तर?"

"तुझ्या हातची हाय न्हवं?" त्या म्हणाल्या आणि उशीवर डोकं टेकलं. "मग कशाला बघायचं?"

आता माझी पाचावर धारण. त्यांचं "बरं" माझ्या पेटीवर टांगून त्या खुशाल झोपल्या, आणि मी मेली तळमळत राहिले.

रविवारी भाऊजी आले. गाडीतनं उतरताना हातात नवीन शाल, मागच्या सीटवर दोन उशा, आईला घाटात धक्के बसू नयेत म्हणून. ते बघून मला त्यांचा रागही धड येईना. सोप्यात बसले, आईच्या पायांना हात लावला. "आई, तयारी झाली?"

"झाली," आत्या म्हणाल्या. अंबाडा घातलेला, कपाळाला ठसठशीत गोंदण, चापूनचोपून लुगडं. ह्यांनी त्यांना खुर्चीत बसवलं होतं. "तू च्या पी. मी आले."

"कुठं?"

"पोटातलं इचारू नये माणसानं," असं म्हणून आत्यांनी चाकं फिरवली.

भाऊजी उठले. मदतीला पुढं झाले, तर आत्यांनी मागं न बघता नुसता हात वर केला. बाजारात उभ्या गर्दीला थांबवायच्या तसा. भाऊजी जागच्या जागी थांबले. खुर्ची मधल्या खोलीतनं गेली, स्वयंपाकघरातनं गेली, उंबऱ्यावर टाकलेल्या फळीवर चढली, पडवीत उतरली. मी मुद्दाम ड्रायर चालू ठेवला होता. चाललेल्या यंत्राच्या शेजारनं, कुठं न घासता, आत्या गेल्या. दारातनं आत गेल्या. दार लागलं. आणि कडी वाजली.

मग काही नाही. ड्रायरची घरघर तेवढी.

आम्ही तिघं पडवीच्या तोंडाशी. हे नखं खात होते. भाऊजींच्या हातात चहाचा कप तसाच. आतनं दांडा धरल्याचा आवाज आला, मग खुर्ची जराशी हलली, मग पुन्हा सगळं चिडीचूप. वेळ फार लांबला. पडल्या असतील तर? दांडा सुटला असेल तर? मी पेटीचाच विचार केला, बाकी काही बघितलं नाही, असं काय काय डोक्यात यायला लागलं. भाऊजींना राहवेना. ते पुढं गेले आणि दारावर थाप मारली. "आई? आई, बरी आहेस ना?"

आतनं आवाज आला. बाजारातला. नवरी मुलीच्या आयांना गप्प करणारा तो जुना, खणखणीत आवाज. इतक्या महिन्यांत मी तो ऐकला नव्हता.

"थाप कोण मारतंय रं? आत माणूस हाय!"

भाऊजी दोन पावलं मागं आले. ओठ आवळले, पण हसू फुटलंच, आणि हसता हसता डोळे भरून आले. लहान पोरासारखं बाहीनं पुसत ते ह्यांना म्हणाले, "विशू, त्या उशा काढून घे रे गाडीतनं. आईच्या पलंगावर टाक." हे तसेच पायांत चप्पल न घालता गाडीकडं पळाले.

कडी निघाली. आत्या बाहेर आल्या. घामानं चेहरा निथळत होता, लुगड्याचा काठ जरा तिरका झाला होता, तो त्यांनी दारातच थांबून सारखा केला. मग चाकं फिरवत आल्या आणि ड्रायरपाशी आल्यावर थांबल्या. भाऊजींना म्हणाल्या, "अंत्या, हे बघ. ही पत्र्याची पेटी आपल्या पमीनं केली. साऱ्या बावड्यात कुणाच्या डोक्यात आलं नसतं."

माझ्या सासूनं मला एवढ्या वर्षांत चांगलं म्हणून काही म्हटलं असेल, तर ते भाकरीला, कधीतरी. भाऊजी वाकून पेटीकडं बघत होते, काहीतरी विचारत होते, तूस कसा काढता, झाकण कुठनं उघडतं. मी सगळं सांगत होते, एकेक गोष्ट दाखवत होते, आणि माझी मान अशी ताठ झाली होती की माझ्या स्वतःच्या लग्नातसुद्धा मी इतकी ताठ उभी नव्हते.